कोंडवाड्यातले मणी

मार्च लागला की लातूरच्या आमच्या रस्त्यावर दोन गोष्टी एकदम वाढतात, धूळ आणि आईबाप. धूळ टँकरच्या चाकांमागून येते आणि आईबाप एसटीतून उतरतात. मागच्या आठवड्यात उदगीरकडचे एक गृहस्थ पोराचा लॅपटॉप घेऊन माझ्या दुकानात आले. पोरगा क्लासला गेल्याची त्यांनी आधी खात्री करून घेतली होती. खुर्ची पुढे ओढून हळू आवाजात म्हणाले, "भाई, ह्याच्यात एक गेम हाय. अँटीव्हायरसनं धरलाय त्याला. सोडवून आणा म्हणून पोरगं मागं लागलंय. तुम्ही सोडवू नका. व्हायरस निघाला म्हणून सांगा. तुमचं ऐकतंय ते."

मी गेम तपासला. चांगल्या कंपनीचा, सरळ विकत घेतलेला खेळ होता. म्हणालो, "व्हायरस नाही ह्याच्यात. खेळू द्यायचं नसेल तर तुम्ही त्याला तसं सांगा. मी खोटं सांगणार नाही."

"अहो, वर्षाचा प्रश्न हाय लेकराच्या."

"असू द्या."

ते माझ्याकडे असे बघत राहिले, जसं काही मी त्यांच्या पोराचं वाईट चिंतत होतो. मग लॅपटॉप काखेत मारून पुढच्या दुकानात गेले. तिथं त्यांचं काम झालं असणार. या गल्लीत हे काम आनंदानं करणारे चारपाच जण आहेत. त्यांना ते कुणी शिकवलं हे विचाराल तर मान खाली घालून सांगतो, मी.

मी नांदेडचा. अब्बांचं वजिराबादेत घड्याळं दुरुस्त करायचं दुकान होतं. डोळ्याला भिंग लावून ते तासन्‌तास एखाद्या घड्याळावर वाकलेले असायचे. मला घड्याळात गोडी लागली नाही, कॉम्प्युटरात लागली. लातुरात क्लासेसची लाट आली, गल्लीगल्लीत हॉस्टेलं उभी राहिली आणि प्रत्येक खोलीत एक मशीन आलं, तेव्हा मी इथं येऊन पत्र्याचं दुकान टाकलं. अब्बा कधीमधी अर्धापूरची केळी घेऊन यायचे, बाकड्यावर बसून माझं काम बघायचे. एकदा एका गिऱ्हाइकाला मी काय सांगितलं ते त्यांनी ऐकलं. गिऱ्हाईक गेल्यावर म्हणाले, "रफीक, ती चीज तर चांगली होती. खराब आहे म्हणून कशाला बोललास?" मी हसून विषय उडवला होता. म्हटलं, अब्बांना या शहराचं काय कळतंय.

या शहरात तेव्हा दुसरं काही कळून घ्यायची गरजच नव्हती. फेब्रुवारीपासून सगळं गाव दबक्या आवाजात बोलायला लागायचं. लग्नाचे बँड आमच्या रस्त्यावर आले की मुके व्हायचे. झेरॉक्सच्या दुकानांतून गरम कागदाचा वास यायचा, कडुलिंबाचा मोहोर माझ्या पत्र्यावर गळून वाळायचा आणि वारा आला की तो खरखरत खाली यायचा. चौकात मागच्या साली नंबर आलेल्या पोरांचे फोटो उन्हानं पांढरे पडलेले. आणि जिकडेतिकडे आया. हा आमच्याकडचा रिवाजच होता: लेकरू अकरावीला गेलं की आईनं घर सोडायचं, एक गॅस, एक पलंग, चार भांडी घेऊन लातूरला खोली करायची आणि दोन वर्षं लेकरासाठी रांधत बसायचं. सकाळचा डबा केला की लेकरू दिवसभर क्लासला. मग त्या दहा बाय दहाच्या खोलीत ती बाई काय करत असेल? मी रोज अशा खोल्यांत जाऊन मशीन लावत होतो आणि हा प्रश्न मला एकदाही पडला नाही.

माझं नाव झालं होतं ते एका युक्तीमुळे. अँटीव्हायरस म्हणजे गेटवर नव्यानं ठेवलेला वॉचमन. ओळखीचा नसला की तो कुणालाही धरतो. एखादा साधा खेळ पडदाभर पसरला, स्वतःच्या फायली लिहायला लागला, की याला संशय येतो आणि हा त्याला उचलून वेगळ्या कप्प्यात बंद करतो. त्या कप्प्याला मी कोंडवाडा म्हणायचो, गिऱ्हाइकांना लगेच समजायचं. धरलेला खेळ खरंच चोर आहे का हे तपासून, नसेल तर त्याला सोडवणं आणि पुन्हा धरू नये म्हणून सवलतीच्या यादीत त्याचं नाव घालणं, हे माझं रोजचं काम. पण फेब्रुवारी ते मे मी ते करत नसे. पोरं यायची, गयावया करायची, आणि मी चेहरा गंभीर करून सांगायचो, "व्हायरस आहे. सोडला तर सगळ्या नोट्स खाऊन टाकील." पोरं घाबरायची. आईबाप माझा हात हातात घ्यायचे. "रफीकभाईकडं टाका मशीन, पोरगं सुधरतंय," असं बोललं जायचं. मला त्याचा गर्व होता. खोटं बोलून मिळालेली इज्जतही इज्जतच वाटते, हे मला तेव्हा कळलं.

अकरावीला आलेल्या अर्चना नावाच्या एका पोरीचं मशीनही मीच लावलं होतं. तिचे वडील औशाच्या पुढच्या एका गावात झेडपीच्या शाळेवर गुरुजी. ते गाव भूकंपात गेलेलं, मग माळावर नव्यानं वसवलेलं. गुरुजी रविवारचे येणार, एरवी मायलेकी दोघीच. खोली तिसऱ्या मजल्यावर. मी वायरी जोडत होतो, अर्चना टेबलावरची पुस्तकं हलवत होती, आणि तिची आई, कुसुमताई, दाराबाहेर जिन्यात उभी होती. मी दीड तास होतो. तेवढ्या वेळात ती आत आली ती फक्त चहा ठेवायला, आणि ठेवला की लगेच बाहेर. मला वाटलं, परका माणूस, तोही मुसलमान, खोलीत आहे म्हणून बाई संकोचली असेल. थोडं मनाला लागलंही. जाताना मी मुद्दाम म्हणालो, "ताई, आत बसा की, मी निघालोच." ती हसली आणि म्हणाली, "इथं वारा लागतोय, भाऊ."

भूकंपाच्या साली मी नांदेडला शाळेत होतो. आमच्याकडे भांडी वाजली, अम्मीनं आम्हाला ओढून रस्त्यावर आणलं. गणपती बुडवून लोक नुकते झोपले होते. पुढं काय काय ऐकू येत गेलं ते सांगत नाही, ज्यांच्यावर गुदरलं त्यांनीच ते सांगावं. आम्ही पंधरा दिवस मैदानात झोपलो. पोरांना तर मजाच वाटली. मग एक दिवस पाऊस आला आणि सगळे आपापल्या छताखाली परत गेले. आमचं भय पंधरा दिवसांत आटोपलं, म्हणून मी समजत होतो की भूकंपाचं भय पंधरा दिवसांचं असतं. आणि त्याच जिल्ह्यात नंतर स्लॅबवर स्लॅब चढत गेले. दगडमातीच्या घरांनी माणसं मारली म्हणून लोकांनी सिमेंट धरलं, क्लासवाल्यांनी त्याचे तीन तीन, चार चार मजले केले. प्रत्येक मजल्यावर आठ खोल्या आणि प्रत्येक खोलीत कुणाची तरी आई.

अर्चना बारावीला असतानाच्या फेब्रुवारीत ती सीपीयू घेऊन दुकानात आली. रिक्षातून एकटीच, मांडीवर धरून. अँटीव्हायरस नव्यानं अद्ययावत झाला होता आणि त्यानं तिचा एक खेळ धरला होता. कॉम्प्युटरच्या मासिकासोबत सीडी यायची, त्यातला. रंगीत मण्यांची माळ पडद्यावर सरकत येते, आपण एक एक मणी सोडायचा, एका रंगाचे तीन जुळले की गळून जातात. इतका निरुपद्रवी खेळ मी क्वचित पाहिला असेल.

मी नेहमीचं तोंड केलं. "व्हायरस आहे."

"भैया, दीड वर्षापासून हाय तो. काही झालं न्हाई आतापर्यंत."

"आता झालं ना."

तिनं मागं रस्त्याकडे एकदा बघितलं. मग म्हणाली, "मी न्हाई खेळत. आईला लागतो."

मी हसलो. मोठ्यानं हसलो. कुणाला भावासाठी लागायचा, कुणाला रूम पार्टनरसाठी, पण आईचं नाव पुढं करणारी ही पहिलीच. "परीक्षा झाली की ये," मी म्हणालो, "आईला म्हणावं पोथी वाचा तोवर." तिनं सीपीयू उचलला. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. कशाची तरी भीती होती. ती परीक्षेची असेल असं मी धरून चाललो. त्या मोसमात प्रत्येक पोराच्या चेहऱ्यावरची भीती आम्ही परीक्षेच्याच नावावर टाकायचो.

चार दिवसांनी कुसुमताई स्वतः आली. दुपारची, डोक्यावर पदर, हातात पाण्याची बाटली. दुकानात आली, वर पत्र्याकडे एकदा बघितलं आणि बाकड्यावर अशी ऐसपैस बसली की मला नवल वाटलं. जिन्यात उभी राहणारी ती हीच बाई का?

"भाऊ, ते मणी परत येतेत का?"

"कुणी पाठवलं, अर्चनानं?"

"न्हाई. तिला ठाव बी न्हाई मी आलेलं."

मी मनात म्हटलं, पोरगी हुशार, वकील बरोबर पाठवला. समजावणीच्या सुरात तिला सांगितलं, "ताई, पोरीचं वर्ष आहे. घरात गेम असला की हात जातोच. मे महिन्यापर्यंत कळ काढा. मग मी स्वतः येऊन लावून देतो."

"ती हात लावत न्हाई हो त्याला. मलाच जरा... डोकं लागतंय त्याच्यात. वर लक्ष जात न्हाई."

वर लक्ष जात न्हाई. हे शब्द मी ऐकले. कानांनी ऐकले. वर म्हणजे कुठं, एवढं विचारायचं होतं. मी विचारलं नाही. मी म्हणालो, "व्हायरस आहे त्यात, ताई. माझ्या हातात नाही."

"बरं," ती म्हणाली. हुज्जत घातली नाही. थोडं पाणी प्यायली, आणखी अर्धा तास बसून राहिली. मी कुणाचा तरी प्रिंटर उघडून बसलो होतो. मध्येच म्हणाली, "तुमचं दुकान बरं हाय, भाऊ. हलकं हाय." मी म्हणालो, "हलकं कसलं, ताई, भट्टी आहे नुसती." ती हसली आणि गेली. नंतर एकदोनदा आली, चार्जर विचारायच्या निमित्तानं, दुसरं काही विचारायच्या निमित्तानं. बसली, गेली. बायांना इथं फार रिकामा वेळ असतो, असं मी शेजारच्या झेरॉक्सवाल्याला बोललोही.

एप्रिलमध्ये लातूरचं ऊन काय असतं ते बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. अकरा वाजल्यापासून रस्ता रिकामा होतो. कुत्री गटारात बसतात. नळ सोडला तर पहिली बादली अंगावर घेता येत नाही. अशा उन्हात त्या इमारतीच्या बाहेरच्या पायऱ्यांवर कुसुमताई बसलेली मी जाता-येता बघत होतो. पदर डोक्यावरून पुढं ओढलेला, मांडीवर ताट, गहू निवडायचं चाललेलं. सावली सरकली की ती सरकायची. बारा वाजता सावली उरायचीच नाही. मी मोटरसायकलवरून हात करायचो, तीही करायची. एकदा थांबलो सुद्धा. "ताई, वर जा की, पंखा आहे ना?" ती म्हणाली, "लाइट गेली असंल." त्या रस्त्यावर तेव्हा लाइट होती. समोरच्या रसवंतीचा चरक फिरत होता, मला दिसत होता.

एप्रिलच्या शेवटी एका दुपारी ती पायऱ्यांवरून कलंडली. अर्चना क्लासला होती. रसवंतीवाल्यानं पाणी मारलं, रिक्षा केली. अंग इतकं तापलं होतं की हात लावता येत नव्हता, असं तो नंतर सांगत होता. दवाखान्यात दुसऱ्या दिवशी सकाळी ती गेली. ऊन लागलं, एवढंच सगळे म्हणाले. दर उन्हाळ्यात आमच्याकडे ऊन लागून माणसं जातात, त्याचं फार कुणी काही बोलत नाही. अर्चनाची प्रवेश परीक्षा दहाबारा दिवसांवर आली होती. आमच्या रस्त्यावर आयांमध्ये हळहळ झाली ती बरीचशी त्याचीच. पोरीचं वर्ष जातंय बघा, असं त्या म्हणत होत्या. मीही त्यात मान हलवली.

तेराव्यानंतर गुरुजी दुकानात आले. अर्चनाचा एक मामा परीक्षेपुरता तिच्याजवळ थांबला होता, परीक्षा होऊन गेली होती. खोली सोडायची होती. मी चहा मागवला, त्यांनी घेतला नाही. बोलायला कुणी हवं होतं बहुतेक, आणि मी समोर होतो.

"स्लॅबखाली ती बसतच नव्हती, भाई. अठरा वर्षं. आमचं पहिलं लेकरू होतं दीड वर्षाचं, ते तिच्या कुशीत होतं. घराचं मातीचं माळवद आलं अंगावर. तिला काढलं, त्याला काढायला संध्याकाळ झाली. सरकारनं घर दिलं, त्यात मी ज्वारी ठेवतो. आम्ही अंगणात पत्र्याच्या शेडात ऱ्हातो आजपर्यंत."

मी चहाचा कप त्यांच्यापुढून बाजूला घेतला.

"लातूरला चल म्हणालो तेव्हा पाया पडली माझ्या, न्हाई म्हणून. पण पोरीसाठी आली. मला वाटलं आठ दिवसांत माघारी येईल. पर दीड वर्ष ऱ्हायली हो, तिसऱ्या मजल्यावर! पोरीनं काय जादू केली काय माहीत. पंख्याखाली बसून ऱ्हायची दिवसभर. मला वाटलं गेलं भ्या, सुटली बाई. आणि ह्या साली फेब्रुवारीपासून काय झालं कुणास ठाऊक. पुन्हा पायऱ्यांवर."

तोंडापर्यंत आलं होतं. गुरुजी, काय झालं ते मला ठाऊक आहे. मी खाली बघत टेबलावरचे स्क्रू एका डबीत भरत राहिलो. ते उठले, जाताना म्हणाले, "तुम्ही लई मदत केली पोरीला. गेम-बिम काही ठेवू दिला न्हाई." हे ते मनापासून म्हणाले. त्यानंतर आजपर्यंत मला कुणी इतकं झोंबेल असं बोललेलं नाही, शिव्या देणाऱ्यांनीसुद्धा.

आज इतक्या वर्षांनी मी त्या मोसमाकडे बघतो तेव्हा मला माझं खोटं तेवढं दिसत नाही, जेवढा माझा आत्मविश्वास दिसतो. पोरांसाठी काय चांगलं हे आम्हाला पक्कं माहीत होतं. क्लासवाल्यांना, बापांना, मला. त्या खात्रीत एक माणूस पायऱ्यांवर दोन महिने उन्हात बसलं तरी कुणाला ते दिसलं नाही. दिसलं, असं म्हणायला हवं. मी रोज हात करत होतो. वीतभर पडद्यावर सरकणाऱ्या माळेत तिनं दीड वर्ष नजर गुंतवून ठेवली होती, म्हणजे डोक्यावरच्या छताकडे ती जाऊ नये. कुठल्या डॉक्टरला हे सुचलं नसतं. पंधरासोळा वर्षांच्या पोरीला सुचलं होतं.

जूनमध्ये, गावी जायच्या आधी, अर्चना आली. सीपीयू पुन्हा मांडीवर. वाळली होती. परीक्षेचं मी विचारलं नाही. ती बाकड्यावर बसली, आई बसायची त्याच टोकाला, आणि म्हणाली, "भैया, त्या गेममध्ये खरंच व्हायरस होता का?"

एवढा सरळ प्रश्न. हो म्हणालो असतो तर ती उठून गेली असती आणि मी सुटलो असतो. मी हातातला स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला. मग म्हणालो, "नव्हता."

तिनं मांडीवरचा सीपीयू माझ्याकडे सरकवला. "मग लावून द्या."

मी मशीन जोडलं. अँटीव्हायरस उघडला, कोंडवाड्यात गेलो. खेळ तिथंच होता, फेब्रुवारीतल्या तारखेसह. बनवणाऱ्याची सही तपासली, दुसऱ्या तपासणीतून फाईल एकदा काढली, स्वच्छ होती. मग ती परत जागेवर पाठवली, खेळाचा फोल्डर सवलतीच्या यादीत घातला. मशीन बंद करून चालू केलं. खेळ उघडला. पुढं चालू करायचं का, असं त्यानं विचारलं. खेळाडूच्या जागी इंग्रजी अक्षरांत आई असं लिहिलेलं होतं आणि लेव्हल त्रेसष्ट.

अर्चनानं समोरच्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं.

"सात मिनिटं लागली," ती म्हणाली.

"हो."

"बंद करा."

मी बंद केलं. वायरी काढल्या. मला वाटलं ती आता ओरडेल, गुरुजींना सांगेल, रस्त्यावर सगळ्यांना सांगेल. सांगावं, असंही वाटलं. तिनं सीपीयू दोन्ही हातांनी उचलून छातीशी धरला. दारात गेली आणि थांबली.

"ती सीडी मीच आणली होती, भैया," ती म्हणाली. "मला वाटायचं, खराब गेम आणला म्हणून झालं सगळं. माझ्यामुळं."

आई गेल्यापासून ती पोर हे डोक्यात घेऊन फिरत होती. पेपरालासुद्धा हेच घेऊन बसली असणार.